ग्रामसभेतून उठून गेलेला म्हातारा

ही हकीकत मी आजवर तीन वेळा लिहायला घेतली आणि तिन्ही वेळा दुसरंच काहीतरी लिहून उठलो. एकदा कबड्डीच्या मैदानांविषयी लिहिलं, एकदा केबलच्या सुरुवातीच्या दिवसांविषयी, एकदा नुसतंच निवडणुकांविषयी. वाचणाऱ्यांना ते बरंही वाटलं. ज्यासाठी कागद पुढे ओढला होता, ते मात्र तसंच राहिलं. आता वय असं झालंय की चौथ्यांदा टाळलं तर पाचवी वेळ येईल याची खात्री नाही. बायको म्हणते, "लिहायचं तर लिहा, नाहीतर त्या कॅसेटवरची धूळ पुसणं तरी बंद करा."

कॅसेटचं पुढे येईल. आधी माझं सांगतो.

मी वसमतच्या एका शाळेत मराठी शिकवत होतो. पण गावात मला लोक ओळखायचे ते आवाजामुळे. कबड्डीचे सामने असोत की शाळांची संमेलनं, माईक माझ्याकडे यायचा. मैदानावर मी एक गोष्ट शिकलो होतो: समालोचक क्षणभर गप्प बसला की लोकांना वाटतं माईक बंद पडला. त्यामुळे चढाईवाला नुसता रेषेवर उभा असला तरी मी बोलत असायचो. शांतता मला सहन व्हायची नाही. ही सवय पुढे कशी नडली, त्याचीच ही गोष्ट आहे.

नव्वदीच्या मध्याला आमच्याकडे केबल घरोघरी पोचली. केबलवाल्याने गावापुरता एक चॅनल काढला आणि रविवारी सकाळी अर्धा तास बातम्या द्यायचं ठरवलं. आवाज माझा आणि कॅमेरा माझ्या एका मित्राचा. हा मित्र लग्नाच्या शूटिंगची कामं करायचा. त्याचं घराणं वसमतच्या बाजारात तीन पिढ्यांपासून घड्याळं दुरुस्त करत आलेलं. खांद्यावरचा कॅमेरा तो तान्ह्या मुलासारखा धरायचा. त्याला नुसतं चित्र घेता यायचं असं नाही, त्याला थांबता यायचं. मी घाई केली की म्हणायचा, "सर, जरा सबर. माणूस अजून आत यायचाय फ्रेममध्ये."

पुढे हिंगोली नवा जिल्हा झाला. सगळ्यांच्या अंगात नवा उत्साह होता. आपल्या जिल्ह्याचं आपण काहीतरी करावं, असं मलाही वाटायला लागलं. मी ठरवलं की गावांच्या कारभारावर फिल्मा काढायच्या. ग्रामसभा जशी भरते तशी दाखवायची, प्रश्न विचारायचे, उत्तरं घ्यायची. तेव्हा आमच्या भागात असं कुणी करत नव्हतं. मुंबईच्या एका वाहिनीतला माणूस फोनवर म्हणाला, "चांगलं जमलं तर पाठवा. पण त्यात काहीतरी घडलं पाहिजे." ते वाक्य माझ्या डोक्यात बसलं.

डोंगरकड्याच्या वाटेवरून आत फुटणाऱ्या एका गावात त्या वेळी बाई सरपंच होती. जागा राखीव झाली म्हणून निवडून आलेली, बौद्ध वस्तीतली, दुसऱ्यांच्या हळदीत खुरपायला जाणारी. गावाला नळयोजना मंजूर झाली होती आणि तिने पाण्याच्या टाकीची जागा बदलली होती. आधीची जागा उपसरपंचाच्या आखाड्याजवळ, म्हणजे शेतातल्या गोठ्याजवळ होती, ती तिने शाळेमागच्या उंचवट्यावर नेली. उपसरपंच चिडलेला होता. त्या प्रश्नावर ग्रामसभा भरणार होती आणि मी म्हटलं, हीच आपली फिल्म.

दसरा होऊन गेला होता. शाळेच्या व्हरांड्यात सभा भरली. पुढच्या रांगेत एक म्हातारा काठी मांडीवर आडवी ठेवून बसला होता. तो सरपंचबाईंचा सासरा. मी उठलो आणि माझ्या मैदानी आवाजात विचारलं, "सरपंचबाई, टाकीची जागा काहून बदलली, गावाला सांगा."

बाई उभ्या राहिल्या. पदर पुढे ओढला. पण बोलल्या नाहीत.

मग म्हातारा उठला. काठी टेकली, गुडघा धरला, उभा राहिला आणि सगळ्यांच्या देखत पाय ओढत व्हरांड्याबाहेर गेला. बाहेर कडुलिंबाचं झाड होतं. त्याखाली तो पाठमोरा बसला. तो टेकेपर्यंत बाई गप्प होत्या. तो टेकला आणि त्या बोलू लागल्या.

आमच्याकडे सून सासऱ्यासमोर तोंड उघडून बोलत नाही. निदान तेव्हा बोलत नव्हती. सून सरपंच झाल्यावर त्या म्हाताऱ्याने यावर आपल्या परीने तोड काढली होती. प्रत्येक सभेला तो पुढे येऊन बसायचा, म्हणजे सुनेला कुणी वेडंवाकडं बोलायला धजू नये. आणि तिची बोलायची वेळ आली की आपण होऊन उठून जायचा, म्हणजे तिला मोकळं बोलता यावं. सगळ्या गावाला हे माहीत होतं. ती शांतता म्हणजे एका म्हाताऱ्याला दहा-बारा पावलं चालायला लागणारा वेळ होता, दुसरं काही नाही.

बाई छान बोलल्या. "पाणी वरून खाली येतं," त्या म्हणाल्या. "आखाड्याजवळ टाकी बांधली तर आमच्या वस्तीत पाणी चढंल का? न्हाई चढत. मुसलमानवाड्यात बी न्हाई. मंग नळ कशाला, तोटीला हळदकुंकू लावायला?" लोक हसले. माझ्या मित्राने सगळं टिपलं.

परतीच्या एसटीत मला एक वाक्य सुचलं. सून बोलेना, सासरा थांबेना, मग गावानं कुणाकडं बघायचं? मी ते वहीत लिहिलं, मनात दोनदा म्हणून पाहिलं. त्याची लय मला इतकी आवडली की वसमत येईपर्यंत मी त्याच्या प्रेमात पडलो होतो. चित्र आधी आणि शब्द मागून, असं मी वर्गात मुलांना निबंध शिकवताना सांगायचो. स्वतः उलट केलं.

मिक्सिंगला आम्ही नांदेडला जायचो. लग्नाच्या कॅसेटी जिथे जोडायचे तिथेच आमची फिल्म जोडली जायची. मी तिथल्या जोडणाऱ्या मुलाला सांगितलं, बाई उभ्या राहतात ते घे, गप्प आहेत ते घे, म्हातारा उठून दाराबाहेर जातो ते घे, आणि तिथेच काप. त्यावर माझं वाक्य.

मित्र मागे स्टुलावर बसला होता. म्हणाला, "सर, बुढ्ढा झाड के नीचे बैठता है, वो भी डालो ना. उसके बाद तो बाई बोलती है."

"वेळ नाही," मी म्हणालो.

"वेळ न्हाई? आखिर में तुम्ही बैलांचा सूर्यास्त लावलाय. तो केवढा लंबा है!"

"तो शेवट आहे. शेवटाला सूर्यास्त लागतो."

"बराबर न्हाई हे," तो एवढंच म्हणाला आणि चहा प्यायला बाहेर गेला. उठून जाणारी माणसं मला त्या आठवड्यात दोनदा दिसली.

रविवारी फिल्म लागली. सोमवारी बसस्टँडवर लोकांनी माझा हात हातात घेतला. "सर, काय वाक्य टाकलं राव!" मुंबईच्या वाहिनीने त्यातला नेमका तेवढाच तुकडा दाखवला, माझ्या आवाजासकट. शाळेत मुख्याध्यापकांनी पेढे वाटले.

त्या गावात मात्र उपसरपंचाने कॅसेट मिळवली आणि हॉटेलातल्या टीव्हीवर ती रोज लावायला सुरुवात केली. मित्र तिकडे एका लग्नाला गेला तेव्हा त्याने ते डोळ्यांनी पाहिलं. म्हातारा रस्त्याने निघाला की पोरं ओरडायची, "काय आज्जा, सुनंवर रुसला म्हनं!" कुणी म्हणायचं, "घरच्यालाच पटंना, आमी काहून मत द्यावं?" म्हाताऱ्याने हॉटेलाकडून जाणं सोडलं होतं. ग्रामपंचायतीचे काही सदस्य अविश्वासाच्या कागदावर सही करायला तयार झाले होते. सव्वीस जानेवारीच्या ग्रामसभेत बाई पुन्हा गप्प बसल्या की सह्या करायच्या, असं ठरलं होतं. बाई गेल्या असत्या तर टाकी परत आखाड्याला गेली असती.

मित्र हे सांगत होता आणि मी फळा पुसत होतो. तो म्हणाला, "चला सर. कॅमेरा घेऊन चला. इस बार काटना मत."

आम्ही गेलो. झेंडावंदन झालं, मुलांना गोळ्या वाटल्या, सभा बसली. मला वाटलं होतं म्हातारा येणार नाही. तो आला. धुतलेलं धोतर, डोक्याला निळा फेटा. नेहमीच्या जागी पुढे बसला. हॉटेलवाली सगळी टोळी मागे उभी होती.

उपसरपंच म्हणाला, "सांगा बाई टाकीचं. टीव्हीवर तर काय जमलं न्हाई तुमाला."

लोक खदखदले. बाई उभ्या राहिल्या, पदर ओढला आणि सवयीने थांबल्या. सगळी सभा म्हाताऱ्याकडे बघायला लागली. मी पण.

म्हातारा हलला नाही.

"बोल माय," तो म्हणाला. "आज म्या उठत न्हाई."

"मामा..." बाई एवढंच म्हणाल्या.

"उठलो की हे लोक शूटिंग काढतेत. अन् गुडघं बी दुखून राहिले." मागची टोळी हसली, पण या वेळचं हसणं वेगळं होतं. म्हातारा काठी आपटून म्हणाला, "सरपंच तू हाईस का म्या? माह्या तोंडावर बोल. म्या ऐकून राहिलो."

बाईंची पहिली दोन वाक्यं भिंतीकडे तोंड करून आली. तिसऱ्या वाक्याला त्या वळल्या. मग त्यांनी बोलणंच थांबवलं आणि शाळेच्या रांजणातून एक कळशी भरून आणायला सांगितली. अंगणाच्या वरच्या टोकाला उभं राहून त्यांनी ती ओतली. "बगा कुठं चाललं."

पाणी धुळीतून वाट काढत निघालं. एक धार आमच्या पायाशी आली, एक वस्तीच्या रस्त्याकडे गेली आणि एक फुटून पार उपसरपंचाच्या घराच्या बाजूला वळली. बायकांतून एक म्हातारी ओरडली, "अगं माय, आमच्याकडं बी आलं की ते!" ती उपसरपंचाची सख्खी चुलती होती. सभा इतकी हसली की ग्रामसेवकाला इतिवृत्त लिहिता येईना.

सह्या झाल्या नाहीत. टाकी उंचवट्यावरच बांधली गेली.

सभा संपल्यावर मी म्हाताऱ्याजवळ गेलो. मनात वाक्य तयार होतं. चूक झाली, मुद्दाम झाली, माफ करा. पण मी तोंड उघडण्याआधीच बाई म्हणाल्या, "जाऊ द्या भाऊ. तुमी शहरातले मानसं. आमच्याकडची रीत तुमाला कशी ठावं असंल?"

म्हातारा म्हणाला, "व्हय व्हय. पर आवाज लई भारी हाय तुमचा. रेडिओवानी."

मी म्हणालो, "हो. माहीत नव्हतं मला."

खरं असं आहे की माझ्या स्वतःच्या घरात हीच रीत होती. आमच्या दारात कुणी बाहेरचं माणूस आलं आणि आईला बोलावं लागलं की माझे आजोबा खाकरून उठायचे आणि गोठ्याकडे जायचे. त्यांची चप्पल वाजणं थांबलं की आई बोलायला लागायची. मी लहानपणी ते शेकडो वेळा पाहिलं. दसऱ्यानंतरच्या त्या सभेत म्हातारा उठला तेव्हा मला आजोबाच दिसले होते, माझे डोळे भरून आले होते. आणि तरी चार दिवसांनी मी तिथेच काप म्हणालो. सुनेसाठी उठून गेलेल्या माणसाला मी सुनेवर उठवलं.

परत येताना मित्र मोटारसायकल चालवत होता. मग मान मागे न वळवता म्हणाला, "सर, आप तो वसमत के हो. वसमत शहर कधीपासून झालं?"

मी मांडीवरची कॅमेऱ्याची पिशवी सावरली.

ती दुसरी फिल्म आम्ही अजिबात न कापता लावली. बाई थांबतात ते, म्हातारा बसून राहतो ते, कळशीचं पाणी अंगण ओलांडेपर्यंतचा सगळा वेळ. केबलवाला म्हणाला, लोक चॅनल बदलतील. लोकांनी नाही बदललं. मुंबईच्या वाहिनीने ती पूर्ण दाखवली. त्यानंतर हिंगोली जिल्ह्याचं काही असलं की त्या वाहिनीचा फोन मला यायला लागला. निवडणुकांच्या चर्चेत माझी खुर्ची ठरली. माझं म्हणून जे नाव झालं, ते त्या म्हाताऱ्याच्या दोन सभांवर झालं: एकीत तो उठला म्हणून, दुसरीत तो उठला नाही म्हणून.

पुढच्या दहा वर्षांत आम्ही गावोगाव चर्चेचा कार्यक्रम केला. पुसेगावला केला, वसमतच्या मोंढ्याच्या बाजारात हळदीच्या पोत्यांवर बसून केला. मी एक नियम घालून घेतला होता. प्रश्न विचारल्यावर माणूस जितका वेळ गप्प बसेल, तितका वेळ आम्हीही गप्प. ते कापायचं नाही. सुरुवातीला लोक टर उडवायचे, "या सरांच्या कार्यक्रमात गप्प बसायचे पैसे मिळतेत म्हनं." पण हळूहळू गंमत झाली. एरवी जी माणसं माईक पाहून मागे सरकायची, ती पुढे यायला लागली. त्यांना कळलं होतं की इथे विचार करायला वेळ देतात. बायका तर अशा बोलायच्या की मला प्रश्न विचारायची गरज पडायची नाही. एका सरपंचबाईंनी मलाच विचारलं, "सर, तुमी एवढं आमाला विचारता, तुमच्या शाळेत मुलींच्या संडासाला कडी हाय का?" नव्हती. दुसऱ्या आठवड्यात बसवली.

टाकीवाल्या त्या बाईही कार्यक्रमाला आल्या. तोवर त्या पंचायत समितीवर निवडून गेल्या होत्या. सगळ्यांसमोर म्हणाल्या, "या भाऊंकडून आमची रीत न कळून एकदा चूक झाली व्हती. पर मागून त्यांनीच आमचं खरं जगाला दाखवलं." टाळ्या वाजल्या. मी हात जोडले. माझ्या नियमाप्रमाणे तिथे शांतता होती, ती मी भरू शकलो असतो. कॅमेऱ्यामागून मित्र माझ्याकडे बघत होता. मी पुढचा प्रश्न विचारला.

पुढे म्हातारा वारला. मला दोन दिवसांनी कळलं. त्याच्या अंगणात जाऊन बसलो, सगळ्यांबरोबर बसलो, सगळ्यांबरोबर उठलो.

मग कॅसेटींचे दिवस संपले. मित्राने दुकान आवरलं तेव्हा एक कॅसेट माझ्या हातात दिली. आम्ही कॅसेटी पुन्हा पुन्हा वापरायचो, जुन्यावर नवं भरायचो. ही त्याने कधी वापरली नव्हती. "पहिली ग्रामसभा," तो म्हणाला. "पूरी आहे. इस पर मैंने किसी की शादी नहीं चढाई."

घरी मी ती लावली. म्हातारा उठतो, बाहेर जातो, लिंबाखाली टेकतो. मग बाईंचा आवाज सुरू होतो आणि मित्राने, काय वाटलं त्याला कोण जाणे, कॅमेरा बाईंवरून हळूच वळवून म्हाताऱ्याच्या पाठीवर नेलेला आहे. पाठमोरा बसलेला तो म्हातारा सुनेच्या प्रत्येक वाक्याला मान हलवतोय. तोटीला हळदकुंकू म्हटल्यावर त्याचे खांदे हसून गदगदतात. मिक्सिंगच्या दिवशी मी इथवर कॅसेट पाहिलीच नव्हती. वाक्य तयार होतं ना माझ्याजवळ.

मी त्याची सीडी करून घेतली आणि त्या गावी गेलो. टाकीला नवा रंग दिलेला होता. नळाची वेळ होती, वस्तीत तोट्या चालू होत्या आणि बाई दारात हंडा भरत होत्या. केस पिकलेले, पण उभं राहणं तेच. मला बघून म्हणाल्या, "या भाऊ. आज कॅमेरा न्हाई व्हय?"

घरात टीव्ही होता, सीडीचं यंत्र होतं. त्यांनी शेजारच्या बायकांना हाक मारली. सगळ्या जमिनीवर बसल्या. लिंबाखालची ती पाठ पडद्यावर आली तेव्हा बाई पुढे सरकल्या, पडद्याला जवळजवळ हात लागेल इतक्या.

"मामा मान हलवून राहिले," त्या म्हणाल्या. "बगा बगा, हासले! म्या तर लोकांकडं तोंड करून व्हते. मला कधी दिसलंच न्हाई." आणि मग रडत रडत हसल्या, आणि पुन्हा लावा म्हणाल्या, आणि पुन्हा.

चार वेळा लावलं. त्यांच्या तोंडावर जे होतं त्यात मला माझं ओझं नेऊन ठेवता येईना. निघताना त्यांनी पिशवीत ओली हळकुंडं घातली. म्हणाल्या, "एवढी वर्षं जपून ठेवलं तुमी. तुमचे उपकार हायेत." जपून मी ठेवलेलं नव्हतं, हेही सांगायचं राहिलं. वसमतची गाडी आली आणि मी चढलो.

सांगायचं होतं ते एवढंच होतं. बाई, मला रीत ठाऊक होती. तुमचे मामा तुमच्यासाठी उठले, हे मला त्याच क्षणी कळलं होतं, आणि तरी मी ते कापलं. मला माफ करा.